शासकीय जमिनीचा लिलाव : प्रक्रियेतील न्याय्यता

शासकीय जमीन विकताना, भाडेपट्ट्याने देताना किंवा थकबाकीपोटी जप्त केलेली जमीन पुकारताना शासनाने पाळावयाची रीत. भारतात तिचा आधार संविधानाच्या समानताविषयक अनुच्छेद १४ मध्ये आहे. खाजगी मालक आपली जमीन मर्जीतल्या माणसाला देऊ शकतो, शासन देऊ शकत नाही. ‘एकवार, दोनवार, तीनवार’ हा लिलावातला सर्वांत गाजणारा क्षण असला, तरी न्यायालयात पोचणारे तंटे बहुधा त्याच्या आधी घातलेल्या अटींचे किंवा नंतर फिरवलेल्या निर्णयांचे असतात.

जाहीर सूचना, पात्रतेच्या अटी, अनामत रक्कम आणि हातची (किमान राखीव) किंमत बोलीपूर्वी ठरलेली असावी लागते. मुंबईच्या आंतरराष्ट्रीय विमानतळावरील उपाहारगृहाच्या निविदेवरून १९७९ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने यासंबंधीचा मूलभूत दंडक घालून दिला. खटला जमिनीचा नव्हता, पण जमिनीच्या वादांतही तो सतत उद्धृत होतो. पाच वर्षांच्या अनुभवाची अट सूचनेत घालून विमानतळ प्राधिकरणाने ती पूर्ण न करणाऱ्याची निविदा स्वीकारली होती. अट शिथिल होणार हे माहीत असते तर आणखी कितीजण आले असते, असा न्यायालयाच्या युक्तिवादाचा रोख होता. म्हणजे न आलेल्या माणसालाही समान संधीचा हक्क आहे. प्रत्यक्षात मात्र तक्रार उशिरा आली आणि निविदाधारकाचा बराच खर्च झाला होता, म्हणून तो करार रद्द झाला नाही. तत्त्व जिंकले, तक्रारदार हरला. या विषयात हे वारंवार घडते.

बोलीनंतरच्या गैरप्रकाराचा ठळक नमुना म्हणजे ‘राम अँड श्याम कंपनी विरुद्ध हरयाणा राज्य’ (१९८५) हा खाणपट्ट्याचा खटला. लिलावातील ३ लाख ८७ हजारांची सर्वोच्च बोली अपुरी ठरवून शासनाने नाकारली. नंतर प्रतिस्पर्ध्याने थेट मुख्यमंत्र्यांना पत्र लिहून साडेचार लाख देऊ केले आणि ते मान्य झाले. रक्कम वाढली हा शासनाचा बचाव टिकला नाही, कारण पहिल्या बोलीदाराला ती आणखी वाढवण्याची संधीच दिली नव्हती. तिजोरीत जास्त पैसा आला एवढ्यावर प्रक्रिया शुद्ध होत नाही.

सर्वोच्च बोली लावणाऱ्याला जमिनीवर आपोआप हक्क मिळत नाही. सक्षम अधिकाऱ्याने ती स्वीकारावी लागते. नकारामागे मात्र नोंदवलेले, तपासता येईल असे कारण हवे.

लिलाव हाच एकमेव मार्ग असेही नाही. कोलकात्याच्या अलीपूर प्राणिसंग्रहालयाची चार एकर जमीन हॉटेलसाठी वाटाघाटींनी दिली गेली, तेव्हा न्यायालयाने १९८७ मध्ये तो व्यवहार ग्राह्य धरला. मात्र लिलाव किंवा निविदा हा सर्वसाधारण नियम असून त्यापासून दूर जाण्यास सबळ कारण हवे, असेही सांगितले. भोपाळमध्ये एका स्मारक न्यासाला जाहिरातीविना दिलेली जमीन २०११ मध्ये याच कसोटीवर उतरली नाही. तरीही सर्वोच्च न्यायालयाच्या घटनापीठाने २०१२ मध्ये नैसर्गिक संसाधनांसाठी लिलाव हे घटनात्मक बंधन नसल्याचे स्पष्ट केले.

थकबाकीच्या लिलावात प्रश्न आणखी नाजूक होतो, कारण मूळ मालक बहुधा गरीब शेतकरी असतो आणि जमीन पुकारणारे शासन स्वतःच धनको असते. त्यातही गावातल्या गावात शेजाऱ्याच्या जमिनीवर बोली लावायला सहसा कोणी धजत नाही. अशा वेळी महाराष्ट्र जमीन महसूल संहिता, १९६६ च्या कलम २२० नुसार शासन नाममात्र बोलीने जमीन स्वतःकडे घेऊ शकते. विकणारा आणि घेणारा एकच! अशा जमिनी ‘आकारीपड’ म्हणून सातबाऱ्यावर सरकारच्या नावे राहिल्या. त्या बाजारमूल्याच्या ५ टक्के रक्कम घेऊन मूळ खातेदारांना किंवा त्यांच्या वारसांना परत देण्याचा निर्णय राज्य मंत्रिमंडळाने जानेवारी २०२५ मध्ये घेतला.