दातांचा पक्षी आणि सरकारी पैसा

मंडळी, आपल्याकडच्या तळ्यांत टिबुकली असते. बघता बघता बुडी मारते आणि भलतीकडेच वर येते. पाय अगदी मागे, शेपटीपाशी. म्हणून पाण्यात तरबेज, जमिनीवर मात्र अवघडलेली. आज आपण ज्या पक्ष्याची गोष्ट पाहणार आहोत, त्याची ठेवण साधारण अशीच होती. फक्त लांबी जवळजवळ माणसाएवढी, सुमारे १.८ मीटर! नाव हेस्परॉर्निस.

सुमारे आठ कोटी वर्षांपूर्वी उत्तर अमेरिकेच्या मधोमध एक उथळ समुद्र पसरला होता. आजचं कॅन्सस राज्य त्याच्या तळाशी. तिथल्या खडूच्या थरांत येल विद्यापीठाचे प्राध्यापक ओथनिएल मार्श यांना १८७१ साली एक सांगाडा मिळाला. डोकं तेवढं नव्हतं. १८७२ मध्ये त्यांनी त्याचं नामकरण केलं. पुढे कवटीही हाती आली, आणि जबड्यात काय? तर दात!

आता पाहा, पंख इतके खुरटलेले की उडणं अशक्य. हाडं भरीव, त्यामुळे बुडी मारणं सोपं. पायांच्या जोरावर पोहायचं आणि दातांनी निसटता मासा धरायचा. पण खरी गंमत पुढे आहे. दात सरपटणाऱ्या प्राण्यांचे, बाकी देह पक्ष्याचा! डार्विनचा ग्रंथ १८५९चा. ‘मधले दुवे दाखवा’ असं विरोधक म्हणत होते. मार्श यांचा या दातवाल्या पक्ष्यांवरचा ग्रंथ १८८० साली निघाला, तेव्हा डार्विननी त्यांना पत्र लिहून कळवलं, की गेल्या वीस वर्षांत उत्क्रांतीच्या सिद्धांताला मिळालेला हा सर्वांत उत्तम आधार आहे.

तोच ग्रंथ १८९२ मध्ये अमेरिकन काँग्रेसमध्ये थट्टेचा विषय झाला. सरकारी खर्चाने छापलेला होता ना! अलाबामाचे प्रतिनिधी हिलरी हर्बर्ट यांचा सवाल साधा होता: दात असलेल्या पक्ष्यांवर जनतेचा पैसा कशाला? भूसर्वेक्षण खात्याच्या अनुदानाला कात्री लागली आणि मार्श यांना तिथलं पद सोडावं लागलं.

हर्बर्ट यांचा प्रश्न गैर नव्हता. जनतेच्या पैशाचा हिशेब विचारायलाच हवा. पण उत्तर बारा वर्षं आधीच डार्विनच्या पत्रात होतं. सभागृहात ‘दात’ हा शब्द सगळ्यांना ऐकू आला; ते दात कशाचा पुरावा आहेत, हे समजून घ्यायला कुणी थांबलं नाही. संशोधनाच्या खर्चावर आपण बोलतो तेव्हा निदान तेवढं थांबायला हवं.