बेवारस : एका शब्दामागचा इतिहास

‘बेवारस’ हा शब्द मूळचा मालमत्तेच्या व्यवहारातला. फारसी उपसर्ग आणि अरबी ‘वारिस’ यांच्या संयोगातून तो आपल्याकडे आला. ज्या जमिनीवर, घरावर वा गुरावर हक्क सांगणारा कोणी उरला नाही, ते बेवारस ठरे. महानगरांच्या वाढीबरोबर हाच शब्द माणसाच्या प्रेतालाही लागू झाला आणि आज तो मराठी वाचकाला अधिक करून त्याच अर्थाने परिचित आहे. वस्तूसाठी घडलेला शब्द माणसाला सहज चिकटावा, यात भाषेच्या इतिहासाइतकाच समाजाचाही इतिहास आहे. बेघर माणसाचा खून झाल्यावर त्याच्या बाजूने उभे राहायचे कोणी, हा प्रश्न त्या इतिहासाच्या मुळाशी आहे. मुंबई आणि कोलकाता या दोन शहरांतील हत्यासत्रांच्या आधारे त्याचा विचार येथे करावयाचा आहे.

१९६५-६६ या काळात मुंबईच्या पूर्व उपनगरांत, रेल्वेमार्गाच्या कडेने झोपणाऱ्या माणसांवर रात्री हल्ले होऊ लागले. संशयावरून एका माणसाला पोलिसांनी पकडलेही. परंतु पुरेशा पुराव्याअभावी तो सुटला. १९६८ साली उपनगरांत हेच सत्र पुन्हा सुरू झाले. पदपथांवर आणि कच्च्या झोपड्यांत निजलेली माणसे जड, बोथट हत्याराच्या घावांनी मारली जात होती. माणसे रात्रीची गस्त घालू लागली, अनोळखी चेहऱ्याकडे संशयाने पाहू लागली. रमाकांत कुलकर्णी हे त्या वेळी गुन्हे शाखेचे उपायुक्त होते. २७ ऑगस्ट १९६८ रोजी पकडलेला रामन राघव हा पूर्वी सुटलेलाच माणूस निघाला. १९६९ साली त्याला फाशीची शिक्षा झाली. पुढे तो असाध्य मनोविकाराने ग्रस्त असल्याचा अभिप्राय तज्ज्ञांनी दिल्यावर, १९८७ साली तिचे जन्मठेपेत रूपांतर झाले. १९९५ साली पुण्याच्या ससून रुग्णालयात तो मरण पावला.

या प्रकरणाचे लोकस्मृतीत जे उरले आहे, त्याचे स्वरूप लक्षणीय आहे. खुन्याची अनेक नावे लोकांना पाठ झाली : सिंधी दलवाई, अण्णा, तंबी, वेलुस्वामी. जबाब देण्यापूर्वी त्याने कोंबडीचे जेवण मागितल्याची हकिकत आजही चवीने सांगितली जाते. श्रीराम राघवन यांचा १९९१ सालचा चित्रपट त्याच्यावर आहे; २०१६ साली अनुराग कश्यप यांनी एका वेगळ्याच कथेच्या शीर्षकात त्याचे नाव वापरले. मृतांच्या वाट्याला मात्र फक्त संख्या आली, आणि तीही सर्वत्र एक नाही. कोठे ती वीस-पंचवीस भरते, तर त्याच्या कबुलीचा आधार घेणारे ती चाळीसच्या पुढे नेतात. ज्यांच्या मृत्यूची बेरीजसुद्धा एकमताने झाली नाही, अशा माणसांचे चरित्र कोण लिहिणार? एखाद्या धनिकाच्या घरात तीन खून झाले असते, तर ते तीन की पाच, असा संभ्रम कधीच उद्भवला नसता.

पदपथावरील माणसाची दखल घेण्यास आपली व्यवस्था सर्वस्वी असमर्थ होती असे मात्र म्हणता येत नाही. १९८१ च्या जुलैत, ऐन पावसाळ्यात, मुख्यमंत्री अ. र. अंतुले यांनी पदपथवासीयांना हटवून त्यांच्या मूळ गावी धाडण्याचे जाहीर केले. त्याविरुद्ध सर्वोच्च न्यायालयात गेलेला ‘ओल्गा टेलिस विरुद्ध मुंबई महानगरपालिका’ हा दावा प्रसिद्ध आहे. १० जुलै १९८५ रोजी पाच न्यायाधीशांच्या घटनापीठाच्या वतीने सरन्यायाधीश यशवंत विष्णु चंद्रचूड यांनी निकाल दिला. जगण्याच्या हक्कात उपजीविकेचा हक्क अंतर्भूत आहे, हे तत्त्व त्यात प्रस्थापित झाले. रीतसर सूचना देऊन हटवण्याचा पालिकेचा अधिकारही त्याच निकालाने मान्य केला, ही त्याची दुसरी बाजू होय.

साहित्याच्या अभ्यासकाने या निकालपत्रातील एक भाग आवर्जून वाचावा. अर्जदारांपैकी एकाची हकिकत त्यात आहे. हा भूमिहीन मजूर दुष्काळामुळे काम गेल्यावर, १९६१ साली तमिळनाडूतील सेलमहून मुंबईत आला. त्याचा निवारा पाडला गेला. त्याला सेलमच्या बसमध्ये बसवून देण्यात आले. बायको आणि मुली सेलमलाच राहिल्या. आणि कामाच्या शोधात तो पुन्हा याच शहरात परतला. काही ओळींत गाव, कारण, कुटुंब आणि परतीची वाट, असे एक संपूर्ण आयुष्य उभे राहते. हा माणूस रस्त्यावर मारला गेला असता, तर पंचनाम्यात त्याच्या वाट्याला ‘अनोळखी इसम, वय अंदाजे’ इतकेच शब्द येणे अशक्य नव्हते. तो जिवंत होता, त्याच्यासाठी बोलणारे वकील आणि पत्रकार होते, म्हणून त्याला इतिहास मिळाला.

ज्या वर्षी हा निकाल लागला, त्याच १९८५ च्या सुमारास मुंबईत शीव आणि किंग्ज सर्कल या परिसरात उघड्यावर झोपणारी माणसे डोक्यात मोठा दगड घालून मारली जाऊ लागली. सुमारे दोन वर्षांत बारा-एक बळी गेले. एकटा झोपणारा माणूस मारेकरी निवडत होता, आणि मृताची ओळख पटवणारे नातलग बहुधा नसत. अनेक खून होऊन गेल्यावरच त्यांच्यामागे एक सूत्र असल्याचे ध्यानात आले. हल्ल्यातून वाचलेल्या एकालाही अंधारामुळे मारेकऱ्याचा चेहरा नीट दिसला नव्हता. १९८९ साली कोलकात्याच्या पदपथांवर याच पद्धतीने सहा महिन्यांत तेरा माणसे मारली गेली. तेथील वृत्तपत्रांनी मारेकऱ्याला ‘स्टोनमॅन’ म्हटले. दोन्ही शहरांतील गुन्हेगार एकच होता की नव्हता, हे सिद्ध झाले नाही, आणि दोन्हीकडे कोणाला शिक्षाही झाली नाही. न पकडलेल्या, न पाहिलेल्या मारेकऱ्यालासुद्धा नाव मिळाले, ही गोष्ट येथे पुन्हा घडली.

मराठी साहित्याने या मृतांची दखल घेतली काय? थेट घेतली असे म्हणवत नाही. परंतु ज्या जगात ही माणसे मेली, त्या जगाला साहित्याने याच काळात वाचा दिली. जयवंत दळवी यांची ‘चक्र’ ही कादंबरी १९६३ ची. बाबुराव बागूल यांचा ‘मरण स्वस्त होत आहे’ हा कथासंग्रह १९६९ सालचा, म्हणजे रामन राघवला शिक्षा झाली त्याच वर्षाचा. या योगायोगाला फार ताणण्याचे कारण नाही. बागुलांचा विषय एखाद्या मारेकऱ्याचे क्रौर्य हा नव्हता. माणसाचे मरण स्वस्त करणारी स्थिती खुन्याच्या आधी तयार असते आणि तो पकडला गेल्यावरही शिल्लक राहते, हे मात्र त्या शीर्षकापाशी थांबले तरी उमगते.

नारायण सुर्वे यांचे उदाहरण याहून बोलके आहे. १९२६ च्या सुमारास मुंबईच्या रस्त्यावर टाकून दिलेले हे अर्भक गंगाराम सुर्वे या गिरणी कामगाराने उचलले आणि त्याला आपले आडनाव दिले. त्या क्षणी ते मूलही कायद्याच्या भाषेत बेवारसच होते. पुढे ते मराठीतील एक श्रेष्ठ कवी झाले. उचलले गेलेले प्रत्येक मूल कवी होईल असे नाही, आणि व्हावे लागूही नये. एका कामगाराने सांगितलेल्या हक्काने ‘बेवारस’ या शब्दाचा निकाल लागला, एवढे येथे पुरेसे आहे.

आपल्या फौजदारी कायद्यात खून हा राज्याविरुद्धचा अपराध मानला जातो. खटला ‘सरकार विरुद्ध आरोपी’ असाच चालतो. याचा अर्थ, ज्याचे कोणी नाही त्या मृताचा वारस तत्त्वतः शासनच आहे. हे वारसपण निभावणे शासनाला अवघड आहे असेही नाही. जनगणनेत बेघरांची मोजणी एका ठरावीक रात्री, २८ फेब्रुवारीला, ते झोपतात तेथे जाऊन केली जाते. २०११ साली ही संख्या देशभरात १७ लाख ७३ हजारांच्या आसपास भरली. जिवंत माणसाला मोजण्यासाठी दहा वर्षांतून एका रात्री जो गणक फलाटावर आणि पुलाखाली पोहोचतो, त्याच्या हातातील कागदावर त्या माणसासाठी नावाचा रकाना असतो. खून झाल्यावर त्याच जागी येणाऱ्या अंमलदाराच्या कागदावरही तो असतो. तो भरण्यासाठी किती दारे ठोठावली गेली, किती गावी पत्रे गेली, यावरून त्या मृताला वारस होता की नव्हता, हे ठरवावे लागेल.