उमरीची बँक आणि ब्रेसाँचा चमचा

उमरीचे नाव इतिहासात येते ते ३० जानेवारी १९४८ च्या घटनेमुळे. हैदराबाद मुक्तिसंग्रामातील सैनिकांनी त्या दिवशी येथील बँक लुटली आणि लढ्यासाठी पैसा उभा केला. नांदेड जिल्ह्यात वाढलेल्या आम्हांला ही हकिगत नेहमी एकाच चालीत ऐकायला मिळाली: हल्ला, गोळीबार, पोती, पळ. सतरा सप्टेंबरच्या भाषणांत तर ती दोन वाक्यांत संपते.

रॉबेर ब्रेसाँचा १९५६ सालचा तुरुंगातून सुटकेचा चित्रपट आम्ही विद्यार्थिदशेत पुण्यात पाहिला. १९६४ साली तेथे राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय स्थापन झाले नसते, तर युरोपातले असे चित्रपट आमच्यासारख्यांच्या वाट्याला क्वचितच आले असते. (मुंबईत १९६८ पासून प्रभात चित्र मंडळ होते, मराठवाड्यातल्या तालुक्याला मात्र ती दोन्ही शहरे सारखीच दूर.) आंद्रे देविन्यी या फ्रेंच प्रतिकार-सैनिकाने १९४३ मध्ये लिआँच्या माँल्युक तुरुंगातून केलेले पलायन हा त्याचा आधार. कैदी सुटला, हे चित्रपटाचे नावच सांगून टाकते. मग उरते काय? एक लोखंडी चमचा, फरशीवर घासून धार काढलेला. दाराच्या फळ्यांमधली फट. पहारेकऱ्याच्या पावलांचा आवाज. फळी सैल होईपर्यंत दिवस जातात आणि ते दिवस आपणही मोजतो. आमच्या शेजारचा मित्र अर्ध्यातच उठून चहाला गेला, त्याला दोष देववत नाही. संथपणाच्या आड रिकामेपण लपवणारे चित्रपटही आम्ही पुष्कळ सोसले आहेत. ब्रेसाँचा संथपणा निराळा: धैर्य म्हणजे बहुतांशी हाताचे काम असते, हे तो दाखवतो.

तेव्हापासून उमरीची हकिगत आम्हांला अपुरी वाटू लागली. तिचाही शेवट सर्वांना ठाऊक आहे. पण आदल्या रात्री कोणाला झोप लागली? गोदावरी खोऱ्यातून हैदराबादकडे जाणाऱ्या लोहमार्गावरचे हे गाव. गाडीची शिटी वाजली तेव्हा कोणाचा हात थबकला? ज्या घरांनी भाकरी बांधून दिली, त्या घरांत नंतर रझाकारांच्या भीतीने किती दिवस काढले गेले? हे विचारणारे आता उरले थोडे, सांगणारे त्याहून थोडे.

मराठीत हे जमणार नाही असे म्हणण्याची सोय नाही. उमेश कुलकर्णी यांच्या ‘विहीर’मध्ये (२००९) एका मुलाचे दुःख विहिरीच्या पाण्यासारखे हळूहळू वर येते, चैतन्य ताम्हाणे यांच्या ‘कोर्ट’मध्ये (२०१४) तारखांमागून तारखा पडत राहतात. उमरीवर असा चित्रपट निघाला, तर त्यात गोळीबार थोडाच असावा. त्या संध्याकाळी दिल्लीत गांधीजींची हत्या झाली. ती वार्ता या माणसांपर्यंत कुठल्या वाटेवर, कोणत्या प्रहरी पोचली असेल? आणि तेव्हा पाठीवरचे ओझे त्यांनी खाली ठेवले असेल, की तसेच चालत राहिले असतील?