तात्या विंचूच्या मागचा वाद्यवृंद

1993 सालच्या महेश कोठारे यांच्या ‘झपाटलेला’चा पेच साधा होता. खलनायक तात्या विंचू हातभर उंचीचा. रामदास पाध्ये यांनी घडवलेला बाहुला, त्याला दिलीप प्रभावळकरांचा आवाज आणि समोर थरथर कापणारा लक्ष्मीकांत बेर्डे. प्रेक्षकांनी थिएटरात पोट धरून हसायचं, आणि घरी गेल्यावर पोरांनी कपाटावरच्या बाहुलीला पाठ करून झोपायचं नाही, अशी दुहेरी कामगिरी. कल्पना हॉलिवूडच्या ‘चाइल्ड्स प्ले’वरून (1988) घेतलेली. पण बाहुल्याच्या चेहऱ्यावर माणसासारखे भाव उमटत नाहीत. ते उमटल्याचा भास पार्श्वसंगीतानं करून द्यायचा असतो. ती बाजू संगीतकार अनिल मोहिले यांच्याकडे होती.

मराठी भुताला मुळात व्हायोलिनचा शेजार नाही. मुंजा पिंपळावर, हडळ विहिरीकाठी, वेताळ वेशीबाहेर. देवऋषी त्यांना बोलतं करायचा ते ढोलाच्या नाहीतर डाकेच्या तालावर. अंगात यायचं ते संबळ घुमू लागल्यावर. मग या मंडळींच्या पाठीशी व्हायोलिनं, चेलो आणि ट्रम्पेट कधी उभे राहिले?

त्या वाटेवर पहिला मुक्काम बडोद्यात करावा लागतो. शेजारचा पादरा हा गायकवाडी मुलखातला महाल. पादऱ्याजवळच्या रणू गावी तुळजाभवानीचं देऊळ, म्हणजे गोंधळाचं नि संबळाचं दैवत तिथेच. आणि काही कोसांवर, राजधानी बडोद्यात, पितळी वाद्यांचा संस्थानी बँड. सयाजीराव गायकवाडांच्या ‘कलावंत कारखान्या’त गवई, बीनकार, तमासगीर, सगळे पगारी. मौलाबक्ष या विद्वान गायकानं 1886 साली इथे गायनशाळा उभी केली. गाणं लिहून ठेवता आलं पाहिजे, हा त्यांचा आग्रह. त्यासाठी त्यांनी स्वतःची स्वरलिपी बांधली. त्यांचा मुलगा अल्लाउद्दीन लंडनला जाऊन पाश्चात्त्य संगीत शिकून आला. पुढे संस्थानच्या बँडची आणि संगीतशाळेची धुरा फ्रेडिलिस नावाच्या युरोपीय बँडमास्तरांकडे आली. 1916 साली संगीतशास्त्रज्ञ भातखंड्यांच्या पुढाकारानं पहिली अखिल भारतीय संगीत परिषद भरली तीही बडोद्यातच.

कागदावर लिहिलेलं संगीत वाचून अनेकांनी एका वेळी वाजवायचं, ही सवय अशी दरबारी आश्रयानं रुजत होती. योगायोग असा की, 1890 साली याच शहरातल्या कलाभवनात एक नाशिककर तरुण छायाचित्रण शिकत होता. धुंडिराज गोविंद फाळके. 1913 मध्ये त्यांचा ‘राजा हरिश्चंद्र’ आला तेव्हा पडद्याला आवाज नव्हता. मूकपटांच्या काळात पडद्यासमोर बसलेले पेटीवाले आणि तबलजी प्रसंग बघून वाजवत. पार्श्वसंगीताची आपल्याकडची सुरुवात ही अशी, चित्राकडे डोळे लावून.

दुसरा मुक्काम गोव्यात. पोर्तुगीज अमलात चर्चच्या शाळांतून पोरांना सोल्फा आणि व्हायोलिन शिकवलं जाई. त्या शाळांतून तयार झालेले वादक मुंबईला आले, हॉटेलांतल्या जॅझ बँडमध्ये वाजवू लागले आणि तिथून स्टुडिओत शिरले. संगीतकार चाल पेटीवर बांधायचा. तिचं वाद्यवृंदासाठी लेखन करायचा अरेंजर. सॅबेस्टियन डिसोझा शंकर-जयकिशन यांच्यासाठी ते करत. माजोर्ड्याचे अँथनी गोन्साल्विस हे संगीतकार प्यारेलाल यांचे गुरू. त्यांनी 1958 साली मुंबईत सेंट झेवियर्सच्या आवारात स्वतःचा सिंफनी वाद्यवृंद उभा करून दाखवला.

सगळ्यांना हा थाट हवाच होता असं नाही. ‘प्रभात’च्या ‘कुंकू’मध्ये (1937) केशवराव भोळे यांनी वाद्यवृंदाला जवळजवळ रजा देऊन घरादारातल्या स्वाभाविक आवाजांवर भिस्त ठेवली होती. भुताच्या चित्रपटाला मात्र ही चैन परवडत नाही. दार करकरलं हे खरं, पण करकरण्याआधीची शांतता कोणीतरी ताणून धरावी लागते. 1949 च्या ‘महल’मध्ये खेमचंद प्रकाश यांनी ते केलं, गंभीरपणे. 1965 साली मेहमूदनं ‘भूत बंगला’ काढला आणि भीतीला विनोदाची जोड दिली. संगीत राहुल देव बर्मन यांचं. त्यांनी त्यात भूमिकाही केली.

पार्श्वसंगीताचं काम गाण्यासारखं नसतं. ताडदेवच्या फिल्म सेंटरमध्ये किंवा महालक्ष्मीच्या फेमसमध्ये समोर पडदा, त्यावर रीळ, खाली वादक. नायक मागे वळतो त्या क्षणालाच ठोका पडायला हवा. अर्धा सेकंद आधी पडला तर भुताचं गुपित फुटतं, नंतर पडला तर हसू येतं. भयविनोदी चित्रपटात तर हे हसूही मोजूनमापून काढावं लागतं. अमेरिकेत एल्मर बर्नस्टीन यांना त्याची किल्ली सापडली होती. दिग्दर्शक जॉन लँडिस यांनी 1978 मध्ये ‘अ‍ॅनिमल हाऊस’साठी त्यांना बोलावलं ते हा विनोदी चित्रपट आहे हे विसरून संगीत करा, असं सांगून. वाद्यवृंदानं डोळे मिचकावायचे नाहीत. तो गंभीर राहिला की पडद्यावरचा वेडेपणा आपोआप उठून दिसतो. 1984 च्या ‘घोस्टबस्टर्स’मध्ये बर्नस्टीन यांनी ओंद मार्तनो हे विजेवर चालणारं, हुंदका दिल्यासारखं वाजणारं वाद्यही भुतांच्या दिमतीला दिलं.

गंमत पुढे आहे. ‘घोस्टबस्टर्स’ची त्या वर्षी निघालेली तबकडी गाण्यांनी भरलेली होती. बर्नस्टीन यांचे जेमतेम दोन तुकडे तिच्यात आले. त्यांचं वाद्यवृंदाचं संगीत स्वतंत्र अल्बम म्हणून बाहेर पडायला 2006 उजाडलं, आणि बर्नस्टीन 2004 मध्येच गेले होते.

आपल्याकडे ही उपेक्षा आणखी जुनी. ‘शोले’च्या (1975) संवादांच्या तबकड्या निघाल्या नि तडाखेबंद खपल्या, गब्बरचं बोलणं लोकांनी घरी बसून पाठ केलं. पार्श्वसंगीताची तबकडी काढायचा रिवाज मात्र पडला नाही. मराठीत कॅसेटचं युग आलं तेव्हा कॅसेट म्हणजे चित्रपटाची गाणी, असंच समीकरण होतं.

मोहिले यांची बरीचशी कारकीर्द या पडद्याआडच्या कामात गेली. व्हायोलिनवादक म्हणून सुरुवात, मग अ‍ॅकॉर्डियनवादक अरुण पौडवाल यांच्याबरोबर ‘अनिल-अरुण’ ही जोडी. ‘अष्टविनायक’चं (1979) संगीत याच जोडीचं. शिवाय हिंदी संगीतकारांसाठी वाद्यवृंद संयोजन, लता मंगेशकरांच्या देशोदेशीच्या कार्यक्रमांत वाद्यवृंदाची जबाबदारी. 1990 नंतर स्टुडिओत की-बोर्ड वाढले, व्हायोलिनांच्या रांगा विरळ झाल्या आणि एकाच माणसाला दोन हातांनी अख्खा वाद्यवृंद भासवता येऊ लागला.

1 फेब्रुवारी 2012 रोजी मोहिले गेले. पुढच्याच वर्षी तात्या विंचू ‘झपाटलेला 2’मधून थ्री-डी होऊन परतला. बाहुल्याचं नाव आज शाळकरी पोरांनाही ठाऊक आहे, प्रभावळकरांच्या आवाजाची नक्कल स्नेहसंमेलनात हमखास होते. पहिल्या ‘झपाटलेला’चं पार्श्वसंगीत ऐकायचं असेल, तर मात्र तात्याची बडबड आणि लक्ष्याच्या किंकाळ्या यांच्या फटीतूनच कान द्यावा लागतो.