तोफेचा पल्ला आणि बैलाची चाल

भिवंडी तालुक्यातील वडपे हे आज मुंबई-नाशिक महामार्गावरचे गोदामांचे आणि मालट्रकांचे गाव म्हणून ओळखले जाते. अठराव्या शतकात हा सगळा टापू दोन जलमार्ग आणि दोन घाट यांच्यामध्ये सापडलेला होता. पश्चिमेला वसईची आणि ठाण्याची खाडी, ईशान्येला कसाऱ्याच्या थळघाटाची वाट, दक्षिणेला कल्याण-पनवेलवरून बोरघाटाकडे जाणारी वाट. समुद्रातून आलेली जड तोफ देशावर न्यायची असेल तर ती याच पट्ट्यातून ओढत न्यावी लागे, आणि देशावरून उतरणाऱ्या फौजेला ती अडवायची असेल तर तीही इथेच अडवावी लागे. लांब पल्ल्याच्या तोफेला तोड कशी काढायची, या प्रश्नाची जेवढी उत्तरे मराठ्यांनी शोधली, त्यांतली बरीचशी भिवंडीपासून दोन-तीन मजलांच्या आत आजमावली गेली.

तोफेचे सामर्थ्य आणि तिचे दुबळेपण एकाच गोष्टीत होते: वजनात. चोवीस पौंडी लोखंडी तोफ अकरा किलोंच्या आसपासचा गोळा फेके आणि पाचशे यार्डांवरून दगडी तटाला खिंडार पाडी. पण तिचे स्वतःचे वजन अडीच टनांच्या घरात असे. तिला डझनांनी बैल लागत, आणि बैलांची चाल चांगल्या रस्त्यावरही ताशी दोन मैलांच्या पुढे क्वचितच जाई. घाटात माणसे दोर लावून तिला वर खेचत. मागून बारूद, गोळे, बैलांचा चारा आणि या सगळ्याची राखण करणारे पायदळ यावे लागे. पावसाळ्यात तर तिचे गाडे जागचे हलत नसे. म्हणजे मोर्च्यावर बसून बत्ती दिलेली तोफ भयंकर, पण वाटेवरची तोफ केवळ ओझे. संगणकावरील युद्धनीतीच्या खेळांनीही हे गणित तसेच उचलले आहे: ‘एज ऑफ एम्पायर्स’मधले दगडफेकी यंत्र आधी मांडावे लागते, मगच ते मारा करते, आणि कसलेला खेळाडू ते मांडून होण्याआधीच त्यावर घोडदळ घालतो. प्रत्यक्ष युद्धात मात्र मांडलेल्या तोफेवर सरळ चाल करून जाणे फार महाग पडे, कारण अंतर कमी झाले की गोलंदाज भरीव गोळा सोडून छर्रे भरत.

यावरचा सर्वांत जुना उपाय रात्रीचा. 1665 साली मोगल सेनापती मिर्झाराजे जयसिंगांनी पुरंदरला वेढा घातला तेव्हा त्यांनी आधी शेजारच्या वज्रगडावर लक्ष ठेवले, कारण तिथून पुरंदरची माची तोफेच्या माऱ्यात येत होती. अब्दुल्लाखान, फतेलष्कर आणि हाहेली अशा नावांच्या तीन मोठ्या तोफा डोंगरावर चढवण्यात मोगलांचे कित्येक दिवस गेले. किल्ल्यातल्या मावळ्यांनी वेढ्याच्या काळात अंधाराचा फायदा घेऊन मोर्च्यांवर छापे घातले. एका रात्री मोगल सरदार रसूलबेग रोजभानीच्या मोर्च्यात शिरून त्यांनी तिथल्या तोफेच्या कानात खिळा ठोकला. कान म्हणजे बत्ती देण्याचे छिद्र. त्यात पोलादी खिळा घट्ट बसला की तो काढून होईपर्यंत तोफ मुकी. हा उपाय हुशारीचा होता, पण पुरेसा नव्हता. एप्रिलच्या मध्यात वज्रगड पडला, लाकडी दमदमे उभारून पुरंदरच्या बुरुजांवर मारा सुरू झाला, मुरारबाजी देशपांडे पडले आणि जूनमध्ये तह करावा लागला. समोरच्या उंचवट्यावर एकदा तोफ चढली की गिरिदुर्गाचे दिवस भरले, हा धडा पुढे दीडशे वर्षांनी पुन्हा गिरवावा लागणार होता.

वसईत प्रश्न उलटा होता. तिथे तोफा पोर्तुगीजांच्या तटावर होत्या आणि मराठ्यांना उघड्या रेतीवरून त्यांच्यापर्यंत पोचायचे होते. फेब्रुवारी 1739 मध्ये चिमाजीअप्पा स्वतः वेढ्यावर आले. तटावरच्या तोफांशी तोफांनी भांडण्याचा प्रयत्न झाला, पण किल्ल्याचा निकाल लावला तो सुरुंगांनी. मोर्चे नागमोडी खणत पुढे सरकवायचे, म्हणजे तटावरच्या गोळ्याला सरळ रेषा सापडत नाही. पुरेसे जवळ गेले की जमिनीखालून बुरुजाच्या पायापर्यंत जायचे. तोफ जितकी उंचावर, तितका तिच्या पायथ्याचा भाग तिच्या माऱ्याबाहेर राहतो, आणि सुरुंग खणणारे याच आडोशात काम करतात. मे महिन्यात सेबॅस्टियन बुरुजाखालचे सुरुंग उडाले, काही वेळेआधी, काही उशिरा. त्या गोंधळात मराठ्यांचीही हजारो माणसे कामास आली. पोर्तुगीजांचा सेनापती मार्तिन्यो द सिल्वेरा वेढ्यातच मारला गेला होता. त्याच्या जागी आलेल्या कायतान द सौझा परेराने किल्ला खाली करून दिला. वसई मिळाली तर देऊळ बांधीन, असा नवस चिमाजीअप्पांनी वज्रेश्वरीला बोलला होता, असे सांगतात. भिवंडीच्या उत्तरेला तानसा नदीच्या बाजूचे ते किल्ल्यासारखे बांधलेले देऊळ याच विजयाची आठवण आहे.

इंग्रजांशी गाठ पडली तेव्हा तोफ पुन्हा चालती झाली होती, आणि मराठ्यांचा सगळ्यांत यशस्वी प्रयोग या चालीवरच झाला. रघुनाथरावांना पुण्याच्या गादीवर बसवण्यासाठी 1778 च्या नोव्हेंबरात मुंबईहून सुमारे 3,900 सैनिकांची फौज निघाली. कर्नल एगर्टन आणि जॉन कार्नॅक यांच्या समितीकडे तिची सूत्रे होती. डिसेंबरच्या उत्तरार्धात ती बोरघाट चढून आली. त्यानंतर आठ मैल जायला तिला अकरा दिवस लागले. मराठ्यांनी मोठी लढाई दिलीच नाही. घोडदळ दुरून घिरट्या घाली, मागून येणारी रसद तोडी, आणि भिवराव पानशांचा तोफखाना मोक्याच्या जागेवरून गोळे टाकून पुन्हा मागे सरके. अशाच एका गोळ्याने 4 जानेवारी 1779 रोजी कार्ल्याजवळ कॅप्टन स्टुअर्ट मारला गेला. मराठ्यांनी त्याला ‘इष्टुर फाकडा’ म्हणून नावाजले. शत्रूच्या शौर्याची अशी कदर त्या काळच्या लढायांत अधूनमधून दिसते. 9 जानेवारीला फौज तळेगावला पोचली तर गाव जाळून रिकामे केलेले. पुण्यातही हेच घडेल अशी हूल उठली. 11 च्या रात्री इंग्रजांनी आपल्या जड तोफा तळेगावच्या तळ्यात ढकलून दिल्या आणि परतीची वाट धरली. वडगावला मराठ्यांनी त्यांना चहूबाजूंनी गाठले आणि तहावर सह्या घेतल्या. जी तोफ पुण्याचे दरवाजे उघडणार होती, ती एकही तट न पाहता बुडाली.

दोन वर्षांनी इंग्रज शहाणे होऊन आले. जनरल गॉडर्डने घाटाचा नाद सोडून आधी वसई धरली. तिथे तोफा गलबतांतून थेट वेढ्याच्या जागी उतरवता येत होत्या. बैल, घाट आणि रसद या तिन्ही अडचणी समुद्राने सोडवल्या. 28 नोव्हेंबर 1780 रोजी नऊशे यार्डांवरून पहिला मोर्चा सुरू झाला, त्याच्या आडून खंदक पुढे सरकले, आणि 9 डिसेंबरला पाचशे यार्डांवरून नऊ चोवीस पौंडी तोफा तटावर आग ओकू लागल्या. बाजूने वीस उखळी तोफांचा मारा होता. असा मांडलेला तोफखाना उठवायचा तर बाहेरून मोठी फौज येऊन वेढा फोडणे एवढाच उपाय उरतो. त्यासाठी रामचंद्र गणेश कानडे वीस हजारांहून अधिक घोडदळ-पायदळ घेऊन कोकणात उतरले.

त्यांना अडवायला कर्नल हार्टले होता, त्याच्याकडे दोन हजारांच्या आसपास माणसे. त्याआधीचे काही आठवडे तो बोरघाटाच्या पायथ्याशी उभा होता, कारण मुंबई सरकारला कोकणातले भाताचे पीक आणि त्याचा वसूल सुखरूप हवा होता. रामचंद्र गणेश येताच तो मागे सरकला आणि भिवंडीच्या उत्तरेला दुगाड येथे त्याने ठाण मांडले. वज्रेश्वरीकडे जाणाऱ्या वाटेवरचे हे गाव, आजच्या वडप्याच्या उत्तरेचा टापू. मराठ्यांना वसई गाठायची तर हार्टलेला बाजूला सारणे भाग होते.

10 डिसेंबरला मराठ्यांनी पुढून आणि पिछाडीवरून तीनदा हल्ले केले, ते परतवले गेले. दुसऱ्या दिवशी दुरून तोफा आणि अग्निबाण चालले. या दोन दिवसांत रामचंद्र गणेशांना एक गोष्ट स्पष्ट झाली असावी: उघड्या उजेडात इंग्रजी तोफांसमोर जाण्यात अर्थ नाही. हार्टलेच्या बगलेला दोन टेकाडे होती. ती घेतली तर त्याचा सगळा तळ वरून माऱ्यात येणार होता. पुरंदरसमोर वज्रगडाचे जे काम, तेच दुगाडला या टेकाडांचे. 12 तारखेच्या पहाटे दाट धुके पडले. त्या धुक्यात रामचंद्र गणेश निवडक मराठी पायदळ, अरब आणि नरोना या पोर्तुगीज अधिकाऱ्याच्या हाताखालची कवायती पलटण घेऊन टेकाडांवर चालून गेले. तोफ ज्याला पाहू शकत नाही त्यावर नेम धरू शकत नाही, एवढा साधा हिशेब त्यामागे होता.

मराठ्यांना माहीत नसलेली गोष्ट अशी, की आदल्या रात्रीच हार्टलेने त्या टेकाडांवर मातीची आडभिंत उभारून तोफा चढवल्या होत्या. चढाईत अंतर बरेच कमी झाले आणि तेवढ्यात धुके एकदम उठले. आता मराठे टेकाडाच्या उतारावर, छर्र्यांच्या नेमक्या टप्प्यात उघडे पडले होते. रामचंद्र गणेश तिथेच ठार झाले, नरोना जखमी झाला, आणि सेनापती पडल्यावर फौज मागे फिरली. ज्या वसईसाठी ही धडपड चालली होती, ती एक दिवस आधीच शरण गेली होती. या लढाईचा दोष रामचंद्र गणेशांच्या माथी मारणे सोपे आहे. खरे तर त्यांनी निवडलेला उपाय तोफेविरुद्ध त्या काळी उपलब्ध असलेल्या उपायांत सर्वांत योग्य होता. हार्टले त्यांच्या आधी एक रात्र जागा ओळखून बसला, एवढाच फरक. दुगाडची लढाई मराठी लेखनात वडगावच्या मानाने फारच कमी आठवली जाते, हे पराभवांच्या बाबतीत नेहमीच घडते.

वसई गेल्यावर गॉडर्डने पुन्हा पुण्याच्या धाकासाठी बोरघाट धरला. फेब्रुवारी 1781 मध्ये घाट त्याच्या हाती आला, पण वडगावची जुनी अडचणही पुन्हा त्याच्या गळ्यात पडली. घाटमाथ्यावर हरिपंत फडके आणि तुकोजी होळकर समोर उभे राहिले, आणि परशुरामभाऊ पटवर्धन कोकणात उतरून पनवेल ते खोपोलीच्या रस्त्यावर रसदेच्या तांड्यांमागे लागले. तोफा घाटावर होत्या, बारूद आणि दाणा खाली पनवेलला, आणि मधला रस्ता दुसऱ्याच्या हाती. प्रत्येक तांड्याला मोठ्या फौजेची सोबत द्यावी लागे. ती फौज रस्त्यावर गुंतली की घाटमाथा कमकुवत होई. एप्रिलमध्ये गॉडर्डने माघार घेतली. पनवेलला पोचेपर्यंत त्याची चारशेहून अधिक माणसे मेली वा जखमी झाली आणि बरेच सामानसुमान मराठ्यांच्या हाती पडले. पुढच्या वर्षी सालबाईचा तह झाला आणि वसई मराठ्यांना परत मिळाली.

यानंतर मराठ्यांनी स्वतःच जड तोफेचा मार्ग धरला. महादजी शिंद्यांनी कवायती पलटणी आणि तोफांचे कारखाने उभारले, आणि तोफखाना हा त्यांच्या फौजेचा कणा झाला. त्याबरोबर वेगळेच परावलंबन आले: ज्याच्याजवळ शंभर तोफा, त्याला जागा सोडून पळता येत नाही. 23 सप्टेंबर 1803 रोजी असईच्या लढाईत शिंद्यांच्या गोलंदाजांनी इंग्रज सेनापती वेलस्लीच्या तोफांचे बैल इतक्या झपाट्याने मारले की त्या तोफा पुढे नेताच येईनात. वेलस्लीने त्या तिथेच टाकून पायदळाला संगिनी रोखून धाव घ्यायला सांगितले. गोलंदाज जागचे हलले नाहीत. काही मेल्याचे सोंग घेऊन पडून राहिले आणि रांग पुढे गेल्यावर उठून त्यांनी तोफा मागच्या बाजूने वळवल्या. इंग्रजांची दीड हजारांहून अधिक माणसे कामास आली किंवा जखमी झाली, तरी दिवसअखेर तोफा त्यांच्या ताब्यात होत्या. घोडदळाने तोफ वाटेत गाठण्याची जुनी युक्ती या लढाईत कोणीच फारशी वापरली नाही.

1818 मध्ये तोफ कोकणात शेवटची आली ती उखळीच्या रूपात. उखळी तोफ गोळा उंच उडवून तटाच्या आत टाकते, त्यामुळे तटाची जाडी आणि कड्याची उंची दोन्ही निरुपयोगी ठरतात. आणि ती चोवीस पौंडीपेक्षा हलकी असल्याने डोंगरावर चढवणे सोपे. इंग्रजांच्या लेफ्टनंट कर्नल प्रॉथरने रायगडासमोरच्या पोटल्याच्या डोंगरावर उखळ्या चढवल्या. पुरंदरच्या वेळी जसे छापे पडले तसे पडले असते तर काही दिवस मिळाले असते, पण किल्ल्यात तेवढे बळ नव्हते आणि बाहेरून येणारी फौज उरलेली नव्हती. माऱ्यात वाड्यांना आग लागली आणि 10 मे रोजी रायगड शरण गेला. सह्याद्रीतले इतर किल्ले याच उन्हाळ्यात थोड्याथोड्या दिवसांत पडले. त्यानंतर इंग्रजांनी कॅप्टन डिकिन्सनकडून कोकणातल्या किल्ल्यांची पाहणी करवली, आणि पुन्हा कोणी तिथे तोफ चढवू नये म्हणून अनेक गडांच्या वाटा व पायऱ्या सुरुंगाने उडवल्या.