हिवाळा, सण आणि वस्त्रत्याग



मनुष्यानें वस्त्र कां धारण केलें, याचें उत्तर शाळेंतला मुलगाही देईल : थंडीसाठीं आणि लज्जेसाठीं. परंतु घरीं पेटीभर कपडे असतां बुद्धिपुरःसर ते उतरवून, एकांत स्थळीं चार समानधर्मी मंडळींसह सुटी घालविणारे लोकही जगांत आहेत. त्यांस निसर्गवादी म्हणतात. हें खूळ यूरोपांतून निघालें, असा सर्वसाधारण समज आहे. वस्तुतः या प्रकारची ज्ञात असलेली पहिली संस्था आपल्या ठाणें शहरीं निघाली आणि तिचा संस्थापक होता एक न्यायाधीश!

सालं होतें १८९१. चार्लस एडवर्ड गॉर्डन क्रॉफर्ड हे त्या वेळीं ठाण्यास डिस्ट्रिक्ट व सेशन्स जज्ज होते. मुंबईच्या मंडईला ज्यांचें नांव पडलें ते आर्थर क्रॉफर्ड निराळे. हे गृहस्थ विधुर होते. एका मिशनरी गृहस्थाचे अँड्र्यू व केलॉग काल्डरवुड हे दोन पुत्र बरोबर घेऊन त्यांनीं 'फेलोशिप ऑफ दि नेकेड ट्रस्ट' या नांवाची संस्था काढली. मराठींत आपण तिला 'विवस्त्र-विश्वास-मंडळ' म्हणूं. सभासद अवघे तीन, आणि ठिकाण माथेरान. माथेरानची छोटी आगगाडी १९०७ सालची. तेव्हां नेरळाहून घोड्यावर, डोलींतून अगर पायींच वर जावें लागे. अशा संस्थेस इतका एकांत सोयीचाच होता. इंग्लंडांतील विचारवंत लेखक एडवर्ड कार्पेंटर यांस क्रॉफर्डनीं लिहिलेल्या पत्रांमुळें ही हकीकत टिकून राहिली. पुढें क्रॉफर्ड यांची रत्नागिरीस बदली झाली, मंडळ मोडलें आणि १८९४ सालीं ते वारले. अल्पकाळाचा हा संसार!

या नांवांतील महत्त्वाचा शब्द 'विवस्त्र' हा नव्हे, तर 'विश्वास' हा आहे. अंगावरचें वस्त्र काढणें सोपें. परंतु समोरचा मनुष्य आपणांस हसणार नाहीं, वाईट दृष्टीनें पाहणार नाहीं, ही खात्री वाटणें अवघड. ही खात्री जेथें आहे तेथेंच ही चाल टिकते. आणि तिची खरी परीक्षा होते ती हिवाळ्यांत. उन्हाळ्यांत अंगावरचा सदरा कोणीही काढील. थंडींत मात्र त्यामागें कांहीं नियम आणि कांहीं श्रद्धा असावी लागते.

यूरोपांत हा प्रश्न लवकरच उभा राहिला. जर्मनींत क्लिंगबर्ग येथें १९०३ सालीं पॉल झिमरमान यांनीं असें विश्रामस्थान उघडलें. इंग्लंडांत १९२२ सालीं निघालेल्या संस्थेनें नांव घेतलें 'जिम्नोसॉफिकल सोसायटी', म्हणजे नग्न तत्त्वज्ञांची सभा. हा ग्रीक शब्द मूळचा आपल्याकडील साधूंसाठीं योजिलेला. इ. स. पूर्वीं ३२६ मध्यें शिकंदराबरोबरच्या ग्रीकांनीं ते साधु तक्षशिलेस पाहिले होते. इंग्लंडच्या हवेंत बारमाही उघड्यावर राहणें शक्य नव्हतें. या सभेच्या बैठकी लंडनमधील मिनर्व्हा कॅफेंत होत. न्यूझीलंडांत नाताळ भर उन्हाळ्यांत येतो. म्हणून तेथील निसर्गवादी मंडळांचा वार्षिक मेळा नववर्षाच्या सुमारास उघड्या मैदानांत भरतो. आणि फिनलंडांत तर ही कोणा मंडळाची चाल नसून घराघरांतील रीत आहे. नाताळच्या आदल्या दिवशीं, बाहेर बर्फ पडत असतां, लोक 'सौना' या वाफेच्या खोलींत विवस्त्र बसून स्नान करतात आणि मग सणाच्या पानावर बसतात. देवळांत जसें वागावें तसेंच सौनांत वागावें, अशी तेथील जुनी शिकवण आहे.

आतां आपल्या नंदुरबार जिल्ह्याकडे वळूं. अक्कलकुवा तालुक्यांतील काठी या गांवची राजवाडी होळी प्रसिद्ध आहे. इ. स. १२४६ पासून ती चालत आली, असें परंपरा सांगते. थंडी सरतां सरतां, फाल्गुनी पौर्णिमेस, सातपुड्यांतील लोक तेथें रात्रभर नाचतात आणि पहाटे होळी पेटते. त्यांत नवस केलेले 'बुध्या' व 'बावा' असतात. उघड्या अंगावर राख व पांढरे ठिपके, कमरेस दुधी भोंपळे व घुंगरू, मस्तकीं मोरपिसांचा टोप असा त्यांचा वेष. त्याआधीं कित्येक दिवस ते व्रत पाळतात : खाटेवर निजावयाचें नाहीं, पायांत वहाण घालावयाची नाहीं, ब्रह्मचर्यानें राहावयाचें. ही नग्नता नव्हे, हें मीं मुद्दाम सांगतों. परंतु उघड्या शरीरास नियमानें पवित्र करण्याची जी युक्ति फिनलंडांत आहे, तीच येथेंही आहे. माथेरानच्या त्या तिघांस ती नव्यानें शोधावी लागली, एवढाच भेद.

मात्र न्याय दोघांस सारखा मिळाला नाहीं. ज्या राज्याचा जज्ज डोंगरावर जाऊन वस्त्रें उतरवीत होता, त्याच राज्याच्या दृष्टीनें सातपुड्यांतील भिल्लाची लंगोटी ही रानटीपणाची खूण होती. साहेबानें वस्त्र टाकलें तर तो तत्त्वविचार, आणि गरिबापाशीं तें नसलें तर तें मागासलेपण! महात्मा गांधींनीं १९२१ सालीं मदुरेस पंचा नेसण्याचा निश्चय केला तो या दरिद्री माणसाशीं एकरूप होण्यासाठीं. त्यांच्या अर्धनग्नतेचा १९३१ सालीं चर्चिलसाहेबांनीं उपहास केला. परंतु त्याच वर्षीं नोव्हेंबरच्या थंडींत, तसाच पंचा नेसून व शाल पांघरून, गांधीजी इंग्लंडच्या बादशहास भेटले.

हल्लीं काठीच्या होळीस शहरांतून पुष्कळ मंडळी जातात आणि जवळ जाऊन छायाचित्रेंही घेतात. अवश्य जावें. मात्र जातांना ठाण्याच्या जज्जसाहेबांच्या मंडळाचें नांव आठवावें. ज्यानें अंग उघडें केलें त्यानें आपल्यावर विश्वास टाकलेला असतो. तो कितपत राखला गेला, हें त्याच्या पोशाखावरून नव्हे, तर आपल्या नजरेवरून ठरतें.