दाद, हप्ता आणि तारतम्य

बँकेच्या दाव्याबद्दल मराठवाड्यातल्या वसमतचा माणूस सहज म्हणतो, "हुकूमनामा झालाय, दरखास्त लागली, आता अपिलात जावं लागंल." हुकूमनामा आणि दरखास्त हे शब्द फारसीकडून आले, अपील लॅटिनमधून इंग्रजीमार्गे. १९४८ पर्यंत हा मुलूख निजामाच्या राज्यात होता आणि कोर्टाची भाषा उर्दू होती. तेव्हा अपिलाला 'मुराफा' म्हणत. त्याचा अरबी धातू 'वर उचलणे' या अर्थाचा, तर अपिलाच्या मुळाशी 'हाक मारणे' आहे. फिर्याद म्हणजे मदतीसाठी फोडलेला टाहो, आणि 'दाद' म्हणजे फारसीत सरळ न्याय.

हे सगळे शब्द मागणाऱ्याच्या तोंडचे. देणाऱ्याच्या हाती जे असतं, त्याला कायद्याच्या मराठीत 'स्वेच्छाधिकार' असंही म्हणतात. मला हा शब्द पटत नाही. त्यात न्यायाधीशाची इच्छा पुढे येते आणि कारण मागे पडतं. 'विवेकाधिकार' बरा, कारण विवेकाचा धातू 'विच्', म्हणजे वेगळं करणं. पण माझं मन 'तारतम्या'वर आहे. लघुतर, लघुतम यांतले 'तर' आणि 'तम' हे नुसते प्रत्यय जोडून भाषेने एक अख्खं नाम घडवलं. दोन गोष्टी शेजारी ठेवल्याशिवाय तारतम्य संभवतच नाही.

दिवाणी प्रक्रिया संहितेतल्या आदेश २०, नियम ११ मध्ये या तारतम्याची कसोटी लागते. पुरेसं कारण असेल तर पैशाच्या हुकूमनाम्यातच न्यायालय हप्ते बांधून देऊ शकतं. मात्र हुकूमनामा एकदा झाला की नियमाच्या मूळ मजकुरानुसार ऋणकोच्या अर्जावर हप्ते द्यायला धनकोची, म्हणजे इथे बँकेची, संमती लागते. म्हणून हप्त्यांची मागणी दावा चालू असतानाच करावी. बरेच जण ती दरखास्तीची, म्हणजे वसुलीच्या अर्जाची, नोटीस हाती पडल्यावर करतात, याची मला खरोखर हळहळ वाटते.

हप्ता म्हणजे फारसीत आठवडा, 'हफ्त' म्हणजे सात. आपल्या 'सप्त'चाच भाऊ. पण वसमतची हळद सात दिवसांचा हिशेब जाणत नाही. जूनच्या सुमारास लावलेली हळद काढून, शिजवून, वाळवून, पॉलिश करून मोंढ्यात न्यायला मार्च-एप्रिल उजाडतो. हप्त्याची तारीख डिसेंबरात की एप्रिलात, हे ठरवणं म्हणजे तारतम्य.

वरचं न्यायालय खालच्या न्यायालयाच्या तारतम्यात सहसा हात घालत नाही. कारणच दिलेलं नसेल किंवा ते मनमानी असेल, तर मात्र घालतं. आणि नुसतं अपील केल्याने वसुली थांबत नाही, स्थगिती वेगळी मागावी लागते. बँकेचा दावा कर्जवसुली न्यायाधिकरणात चालला असेल आणि त्याच्या निकालावर मुंबईच्या अपिलीय न्यायाधिकरणाकडे जायचं असेल, तर ठरलेल्या रकमेच्या ५० टक्के आधी भरावे लागतात. ते २५ पर्यंत उतरवता येतात, पण कारणं लेखी नोंदवून.